नावेतली रिकामी जागा

हेमांगी धोटे लोकांनी टाकून दिलेल्या चित्रफितींमधून लघुपट बनवायची. कुणाचं बारसं, कुणाची सहल, कुणाच्या गच्चीवरचे पतंग. अनोळखी माणसांचे तुकडे ती एकमेकांना जोडायची आणि त्यांतून स्वप्नासारखं काहीतरी आकाराला यायचं. ‘मागोवा’ आल्यापासून काम सोपं झालं होतं. एक चेहरा दाखवला की तो माणूस कुणाकुणाच्या चित्रणात मागून चालत गेला, ते ही प्रणाली शोधून काढी. दोन तुकड्यांमध्ये खंड पडला, तर मधलं काय घडलं असावं याचा अंदाज बांधून ती चित्र भरी. त्याला सगळे ‘सांधा’ म्हणत.

मनोहर काळमेघ बायकोचा ओळखपत्रावरचा फोटो घेऊन आले होते. कुमुदकाकूंनी जन्मभर कॅमेरा टाळला होता. आता विस्मरणामुळे त्या नवऱ्यालाही ओळखत नव्हत्या.

लघुपट तयार झाला तेव्हा दोघं हेमांगीच्या खोलीत बसून पाहू लागले. परक्यांच्या वरातीमागून तरुण कुमुद गेली. कुणाच्या तरी केकमागे क्षणभर थांबली. मग अंबाझरी तलावाच्या काठावर तिकिटाच्या रांगेत दिसली, नावेत बसली, पाण्यात हात सोडून दूर गेली. पुन्हा काठावर आली, तेव्हा पदर ओला होता.

“पाणी गार होतं,” कुमुदकाकू हळूच म्हणाल्या. कित्येक महिन्यांत त्या आपणहून बोलल्या नव्हत्या.

काळमेघ हेमांगीकडे झुकले. “ती नावेत कधी बसलीच नाही. पाण्याला घाबरायची. त्या दिवशी पाऊस आला आणि आम्ही रांगेतूनच परतलो.”

“तो सांधा आहे, काका. काढून टाकते.”

“नावेत माझ्यासोबत कोण होतं?” काकूंनी विचारलं. पडद्यावर त्यांच्या समोरची फळी रिकामी होती. काकू त्या फळीकडेच पाहत होत्या.

काळमेघांनी त्या रिकाम्या फळीकडे बोट दाखवलं. “तिथं मला बसवता येईल?”

“येईल,” हेमांगी म्हणाली. “पण पाहून पाहून तुम्हालाही ते घडल्यासारखंच वाटू लागेल. मग खरा दिवस कुणालाच आठवणार नाही.”

त्यांनी बायकोचा हात हातात घेतला. तिनं तो घेऊ दिला.

“खऱ्या दिवसात मी तिच्याशेजारी होतो, आणि तो दिवस तिच्यापाशी नाही,” ते म्हणाले. “मग मी कुठल्या दिवसात राहू, ताई?”