जिवंतपणीचं सुतक

गाठोडं बांधून झालं होतं, आणि हिरा चुलीजवळची तवली शेजारच्या कुंतीच्या हाती सोपवत होती, तेवढ्यात दाराशी कुणीतरी हळूच हाक मारली, "बाय..."

उसाच्या मळ्यांच्या या परक्या बेटावर तिला बाय म्हणणारं कुणीच नव्हतं. मालवणकडच्या त्या घरात धाकटा भाऊ इंद्रदेव तेवढा तिला तसं म्हणे, आणि ती नवऱ्याच्या मागे जहाजावर चढली तेव्हा तो तिच्या कमरेएवढाही नव्हता. दारात उभा होता तो मिशी फुटलेला, गालफडं बसलेला एक तरुण. पण डोळे तेच होते, तिच्या पाठीवर बसून आंबे मागणारे. हिराच्या अंगातून आनंदाची एक लाट गेली... आणि दुसऱ्याच क्षणी तिची नजर त्याच्या गळ्यातल्या पत्र्याच्या बिल्ल्यावर पडली. बंदरावर उतरलेल्या नव्या मजुराच्या गळ्यात असतो तोच बिल्ला.

"करारावर अंगठा दिलास?" तिने विचारलं.

"पाच वर्षांचा."

हिरा मटकन खाली बसली. मग मात्र तिचा आवाज असा चढला की कुंती तवली घेऊन दारातच थबकली.

"यासाठी पाठवत होते मी? आपल्या घरातलं दुसरं कुणी या उसात येऊ नये म्हणून दहा वर्षं हाडं झिजवली, आणि तू आपल्या पायांनी चालत आलास?"

दहा वर्षं! पहिल्याच वर्षी पटकीची साथ आली आणि तिचा नवरा दोन दिवसांत गेला. तेव्हापासून सूर्य उगवायच्या आत ती उसात उभी असे. एक दिवस ताप आला तर मळेवाला दोन दिवसांची मजुरी कापी. सिरदाराकडे, म्हणजे मुकादमाकडे, तोंड उघडलं तर तिसऱ्याही दिवसाची. त्या मजुरीवर माणूस जगेल एवढंच, म्हणून तिने कुंतीबरोबर अर्धेलीत गाय घेतली, आणि काम सुटल्यावर दूध घेऊन ती सांत्र द फ्लाकच्या बाजारापर्यंत अनवाणी जाई. त्या दुधाचा पैसा तिने कधी स्वतःच्या तोंडात घातला नाही. मायदेशी परतणाऱ्या ओळखीच्या माणसांच्या हाती तो मोठ्या भावाकडे, हरिप्रसादकडे जाई. आई आणि धाकटा भाऊ उपाशी झोपू नयेत, एवढाच तिचा ध्यास. मजुरांच्या वस्तीतला, त्याच कांपातला सुरेंद्र, भला माणूस, तिच्याशी पाट लावायला तयार होता. कांप दे मास्ककडे जमीन खंडाने घेऊ म्हणाला होता. पण नव्या संसारात पैसा गेला तर आईच्या पानात काय पडेल, या विचाराने तिने नाही म्हटलं. त्याने पुढे दुसरी बायको केली. हिराने त्या रात्री कुणाला दिसू न देता डोळे पुसले होते... आणि आता कुठे परतीच्या भाड्यापुरतं साठवून ती आईकडे निघाली होती.

"दादाला ठाऊक आहे तू आलास ते?" तिने विचारलं.

"ठाऊक आहे." इंद्रदेव खाली बघत म्हणाला. "बाय, तू घरी जाऊ नकोस."

"का?"

"तिथं... तिथं तू नाहीस, बाय. मेहुणे गेल्याची खबर आली तेव्हा दादाने आईला सांगितलं, की पटकीत दोघंही गेली. आईने तुझं सुतक पाळलं. दहावं झालं, तेरावं झालं. दर वर्षी पितृपक्षात तुझ्या नावाने पान वाढतात."

हिराला वाटलं, आपण काहीतरी चुकीचं ऐकलं. "आणि पैसा? पैसा कोण पाठवतं, ते विचारलं नाही कुणी?"

"दादा स्वतः बंदरावर जाऊन घेई. सांगे, सुंभाच्या धंद्यात कमावला. घरावर कौलं आली, भाताच्या दोन मळ्या त्याच्या नावावर झाल्या. गेल्या वर्षी एक परतलेला माणूस दादा भेटला नाही म्हणून थेट घरी आला, आणि आईच्या पदरात पुरचुंडी टाकून म्हणाला, तुमच्या हिराने पाठवलंय. तेव्हा फुटलं सगळं."

"दादा काय म्हणाला?"

इंद्रदेवने मान खाली घालूनच सांगितलं, "म्हणाला, समुद्र ओलांडलेली विधवा बहीण घरात आहे असं कळलं तर माझ्या पोरींना कोण मागणी घालील? पैसा येतोय तोवर येऊ दे, पण ती इथं नको."

हिरा उठून उभी राहिली. तिच्या डोळ्यांत पाणी नव्हतं.

"माझा पैसा तोच समुद्र ओलांडून गेला ना, इंद्रा? तो नाही बाटला? त्या पैशाची कौलं डोक्यावर घेऊन झोपताना कुणाला विटाळ झाला नाही, आणि मी तेवढी बाटले? उसाच्या पात्यांनी हात माझे फाटले, तापात मजुरी माझी कापली गेली, संसार माझा राहिला... आणि पिंडही माझेच घातलेत!"

इंद्रदेव अगदी हळू म्हणाला, "आई बाहेर आहे."

"काय?"

"त्या दिवसापासून तिने दादाच्या घरचं अन्न टाकलं. म्हणाली, मला माझ्या लेकीकडे ने. जहाजाचं भाडं कुठून आणणार? मी अंगठा दिला, तेव्हा मजुराची आई म्हणून तिला चढू दिलं. कांपाच्या तोंडाशी बसलीय. म्हणते, हिरा बोलावील तरच आत येईन."

कांपाच्या तोंडाशी, आंब्याखाली एक चिमुकली म्हातारी गुडघ्यांवर हनुवटी टेकून बसली होती. हिराला धावत जावंसं वाटलं, आणि त्याच वेळी पाय जमिनीत रुतल्यासारखे झाले.

"आये, तू रडलीस, सुतक पाळलंस," ती जवळ जाऊन उभ्या उभ्याच म्हणाली, "पण एकदाही बंदरावर जाऊन विचारलं नाहीस? परतलेल्या एकाही माणसाला गाठलं नाहीस?"

म्हातारीने वर पाहिलं. "नाही विचारलं, बाळा. हरी लिहिता-वाचता येणारा, घर चालवणारा. त्याच्या शब्दापुढे बोलायची मला सवय नव्हती. पण ते सांगून मी सुटत नाही. विचारायला हवं होतं. तुझे पिंड घातले, आणि वर्षानुवर्षं तुझ्याच कष्टाचा भात गिळला. आता तू हाकललंस तरी माझी तक्रार नाही."

हिरा तिच्याकडे बघत राहिली. तिला वाटलं होतं की कुणीतरी सबब सांगेल, आणि मग आपण हा राग त्याच्या अंगावर ओतू. पण आईने तर सगळाच दोष पदरात घेतला होता... हिरा तिच्याजवळ खाली बसली. तिने त्या सुरकुतलेल्या मांडीवर डोकं टेकवलं, आणि नवरा गेला तेव्हाही जे रडू आलं नव्हतं, ते आता आवरेना. म्हातारीचा हात तिच्या केसांवरून फिरत राहिला. जहाज हिराला न घेताच गेलं.

परतीच्या भाड्याच्या पैशातून तिने कांप दे मास्कजवळ जमिनीचा एक तुकडा खंडाने घेतला. इंद्रदेव उसात आजारी पडला तेव्हा एका दिवसाला दोन दिवस कापले गेले, आणि हिराने सिरदाराला सगळ्या कांपासमोर सुनावलं. मजुरी परत मिळाली नाही, पण वांगी आणि भेंडी विकून घर चाललं. त्या पैशात कुणाला कात्री लावता येत नव्हती.

पुढच्या हंगामात नव्या मजुरांबरोबर दादाचा निरोप आला: दुसऱ्या मुलीचं लग्न ठरतंय, पैसा पाठव. आई कशी आहे, हे त्यात नव्हतं.

"एक दिडकी नाही," इंद्रदेव म्हणाला.

आई भाजीची जुडी बांधत होती. "पोरींनी काय केलंय? सुनेच्या, चंद्रावतीच्या पदरात तीन मुली आहेत."

हिरा दिवसभर वाफ्यांत खपत राहिली. संध्याकाळी गावाकडे निघालेला माणूस निरोप घ्यायला आला, तेव्हा तिने एक छोटी पुरचुंडी त्याच्या हाती दिली.

"दादाच्या हातात द्यायची नाही. चंद्रावती वहिनीला द्यायची, विहिरीवर, चार बायकांसमोर. पोरींसाठी हिराने पाठवलंय असं मोठ्याने सांगायचं. लाज वाटली तर घेऊ नको म्हणावं. आणि गावातल्या पोरांना सांगा, या बेटावर दगडाखाली सोनं सापडतं म्हणून मजूर गोळा करणाऱ्या कुणी सांगितलं तर ऐकू नका. इथं ताप आला की दोन दिवस कापतात."

माणसाने मान हलवली. मग सहज, जाता जाता विचारावं तसं त्याने विचारलं, "आणि हिरा घरी कधी येणार, असं विचारलं तर?"

हिराने वळून पाहिलं. आई वाफ्यात पाणी सोडत होती, इंद्रदेव गाईला चारा घालत होता.

"सांगा," ती म्हणाली, "ती घरीच आहे."