दारावर दोन नंबर

हे मी लिहिणारच नव्हतो. दोनदा कागद टाइपरायटरला लावला आणि दोनदा ओढून काढला. पण धोंडिराम, आमच्या शाळेतला पी.टी.चा मास्तर, माझा जिगरी दोस्त, पाठच सोडेना. "मनात ठेवून काय लोणचं घालणार आहेस? लिही!" म्हणून लिहितोय. गोष्ट नंदूची आहे. नंदू कोण, ते विचारू नका.

तर, एक्क्याऐंशीचा फेब्रुवारी. जनगणनेचं काम मास्तरांच्या गळ्यात. नंदू मुलुंडच्या शाळेत नुकताच चिकटलेला, वय तेवीस. त्याच्या वाट्याला मुलुंडचं अगदी शेपूट आलं, नाहूर. नाहूरला ना स्टेशन, ना धड बाजार. तिथला माणूस गॅसच्या अर्जावर मुलुंड लिहितो, रेशनकार्डावर भांडुप, आणि भांडणातच फक्त म्हणतो, "आम्ही नाहूरचे, सांगून ठेवतो!" मधून एक नाला जातो. मुलुंड नेमकं कुठल्या काठाला संपतं, ते नाल्यालाही ठाऊक नसेल.

त्या नाल्यावर फळ्या टाकून केलेल्या पुलावर ती भेटली. काखेत फॉर्मांचं बाड, वेणीत पेन्सिल खोचलेली. पूल एका माणसापुरता. दोघं मध्येच अडकले.

"मागे सरा. भांडुपची गणती चाललीय," ती म्हणाली.

"हे मुलुंड आहे, बाई."

"कुणी सांगितलं?"

"माझ्या नकाशाने."

"माझ्या नकाशात तुम्ही उभे आहात ते भांडुप आहे. थांबा, तुम्हालाच मोजते आधी." आणि हसली.

झालं. नंदूची वाट लागली.

तिचं नाव कुंदा. भांडुपच्या शाळेत दुसरीला शिकवायची.

"राहता कुठे सर?"

"मुलुंडला... स्टेशनजवळ."

तोंडातून निघूनच गेलं. खरं तर नंदू पुलापासून शंभर पावलांवर राहायचा. कारखान्याच्या भिंतीला टेकून तीन खोल्या होत्या, त्यातली शेवटची. तो आणि आई.

"आणि तुम्ही?"

"असल्फ्याला. लोक घाटकोपर सांगतात. मी असल्फाच सांगते. घाटकोपर म्हटल्याने नळाला पाणी जास्त येतं का?"

नंदूचे कान तापले. पण आता मागे कसं फिरायचं?

पुढचे दहा दिवस दोघं दुपारी पुलावरच डबे सोडायला लागले. तिच्या पिशवीत बोरं असायची. आंबट निघालं की ती एक डोळा मिटायची... आणि नंदूला वाटायचं, सगळी बोरं आंबट निघोत. चौथ्या दिवशी 'अहो' नाल्यात पडलं. सहाव्या दिवशी तिने एक पाय अलीकडे टाकला.

"घे, आले मुलुंडात. लिही माझं नाव."

"वय?"

"एकवीस पूर्ण."

"लग्न झालंय?"

"तो रकाना..." तिने वेणीतली पेन्सिल काढून त्याच्या हातात दिली. "तो पेन्सिलने भर. खोडता आला पाहिजे."

पण एक काटा होता. गेल्या वर्षी घरांवर गेरूने नंबर टाकले, तेव्हा मुलुंडवाले आले आणि भांडुपवालेही आले. नंदूच्या दारावर दोन्ही नंबर पडले, वर एक, खाली एक. तेव्हा तो हसला होता. आता ती खोली कुंदाच्या यादीत होती आणि त्याच्याही.

"तिथे कुलूप असतं," त्याने तीनदा सांगितलं.

"आज उघडंय. चल, दोघं मिळून करू. नाहीतर एकच माणूस दोनदा मोजला जायचा."

शेजारच्या दोन्ही खोल्यांची माणसं कामावर गेलेली. आई दारातच बसली होती, मांडीवर शर्टांचा ढीग. कारखान्याचे शर्ट आणून ती बटणं लावायची. कुंदा वाकून म्हणाली, "मावशी, आम्ही गणतीवाले. हे सर मोठे लोक हां, मुलुंड स्टेशनजवळचे. यांना जरा तुमच्या दाराची गंमत दाखवा."

आईने मान वर केली. नंदूकडे पाहिलं. एक क्षण.

त्याने म्हणायला हवं होतं, आई. एवढंच. दोन अक्षरं. त्याने पेनचं टोपण काढलं आणि विचारलं,

"नाव काय, बाई?"

आईने नजर खाली घेतली. "वनमाला दशरथ..."

पुढचं आडनाव नंदूने न विचारता लिहिलं.

"मालक?" कुंदाने विचारलं.

"तीन वर्सा झाली जावन. गिरणीत होते."

"मुलंबाळं?"

आई सुईत दोरा ओवत होती. "एक झील आसा," ती आपल्या मालवणीत म्हणाली, एक मुलगा आहे. "भायर रवता."

नंदूने लिहिलं, घरातली माणसं: एक. अक्षर फळ्यावर काढतो तसंच सुबक आलं. त्या सुबकपणाची त्याला अजून लाज वाटते.

"बस गो बाय, चाय घे. साखर किती घालू?"

"अर्धा चमचा, मावशी."

दोन कप आले. नंदूने आपला मान खाली घालून संपवला.

संध्याकाळी घरी गेला. आईने नेहमीसारखं वाढलं. ओरडली असती, ताट आपटलं असतं, तर बरं झालं असतं. भात वाढता वाढता एवढंच म्हणाली, "चेडू बरा आसा."

म्हणजे, मुलगी चांगली आहे.

दुसऱ्या दिवशी तो पुलावर तासभर आधी जाऊन उभा राहिला.

"कुंदा... कालची खोली. ती माझी. ती... माझी आई."

"माहितीय."

"कधीपासून?"

"चहापासून. तिने मला साखर विचारली. तुला नाही विचारली."

तिने काखेतलं फॉर्मांचं बाड फळीवर ठेवलं.

"मुलुंड म्हणालास त्याचं मला काही नाही," कुंदा म्हणाली. आज तिने बोरं आणली नव्हती. "अर्धं नाहूर तेच म्हणतं. पण 'भायर रवता' म्हणाली ना, तेव्हा सुईत दोरा जाईना. तीनदा चुकला. मी मोजत होते. तू लिहीत होतास."

"मी... वाईट माणूस आहे ना गं?"

"ते मला नको विचारू. एक सांग, तुझ्या दारावर दोन नंबर. मग तू कुठल्या फॉर्मात आहेस?"

उत्तरही तिनेच दिलं.

"कुठेच नाहीस. अख्ख्या मुंबईत तू नाहीस, येड्या. जो यादीतच नाही त्याला मी हो कशी म्हणू?"

"...हो? मी अजून विचारलं कुठे?"

"मग नकोच विचारू. आधी घरी जा."

गणती संपली की मार्चच्या पहिल्या पाच दिवसांत पुन्हा घरोघर फिरायचं असतं. मधल्या काळात कोण जन्मलं, कोण गेलं, कोण मोजायचं राहिलं, ते लिहायला. कुंदा एकटी आली, त्या खोलीचा फॉर्म घेऊन. नंदू आत होता, बनियनवर, आईच्या शर्टांच्या घड्या घालत. दाराशी त्यानेच जाऊन म्हटलं,

"ये. हे माझं घर."

कुंदाने त्याच्याकडे पाहिलंच नाही. फॉर्म उघडून, अगदी सरकारी आवाजात, "मावशी, मागच्या वेळेपासून या घरात कोणी नवीन?"

आईने हातातलं बटण खाली ठेवलं. मांडीवरचा शर्ट झटकून ढिगावर ठेवला. नंदूला वाटलं, आता ती नाही म्हणेल. म्हणाली असती तर तिचं काही चुकलं नसतं.

"झील इलो," आई म्हणाली. "लिव त्याका."

कुंदाने लिहिलं. पेनाने. मग फॉर्म तसाच नंदूपुढे धरला. कोपऱ्यात पेन्सिलने, बारीक, 'विचार आता' असं लिहिलेलं.

त्याने विचारलं. आईसमोरच. कुंदा लाजून शर्टांच्या ढिगाकडे बघत "हो" म्हणाली आणि आई चहा टाकायला उठली. या खेपेला तिने कुणालाच साखर विचारली नाही. कुंदाच्या कपात बरोब्बर अर्धा चमचा होता.

त्या दुपारबद्दल मात्र मायलेक आजवर बोललेले नाहीत.

एवढं लिहून मी धोंडिरामला वाचायला दिलं. त्याने शांतपणे वाचलं. मग म्हणाला, "नंदू कोण रे?"

"तुला माहितीय कोण ते."

"मला माहितीय. पण तू आईला परत परकी केलीस, साल्या. कागदावर. तेव्हा 'बाई' म्हणालास, आता ती नंदूची आई."

मी कागद परत घेतले आणि पुन्हा टाइपरायटरपुढे बसलो. धोंड्या, हे घे उत्तर. शब्द देतो. या रविवारी कुंदाला आणि आईला समोर बसवतो आणि हे सगळं मोठ्याने वाचून दाखवतो. आणि जिथे जिथे नंदू लिहिलंय, तिथे तिथे 'मी' वाचेन.