मीठ सगळं ऐकतं

मार्च महिना, दुपारचे दोन, वर्तकनगरच्या स्टँडवर एकही रिक्षा नाही, आणि शेजारचा माणूस मला गोष्ट सांगायला लागला.

‘…मग आवडाबाई कंबरभर पाण्यात उतरली…’

“ओ, मी विचारलं का तुम्हाला?” मी फणकारले.

त्याने हातातला वडापाव दाखवला, घास गिळला आणि म्हणाला, “मी कुठे बोललो? ती बोलली.”

कठड्याला एक काळी फळी टेकवलेली होती. तिच्यावर मिठाची खाडी, मिठाचा बांध, आणि बांधावर मिठाचीच एक बाई. मी तिकडे पाहिलं, तर गोष्ट पुढे सुरू! आवाज त्याचाच, पण तो तर मजेत चावत होता.

तो देवेश. खाडीकाठचा, मिठागरवाल्यांच्या घरातला. फळीवर खारं पाणी ओतायचं, काडीने चित्र ओढायचं आणि उन्हात मीठ धरेपर्यंत शेजारी बसून गोष्ट सांगायची, ही त्यांच्या घरची कला. मग चित्रासमोर जो उभा राहील, त्याला ती गोष्ट ऐकू येते.

“आणि मध्येच दुसरं कोणी बोललं तर?”

“मीठ ओलं असेपर्यंत त्याच्या अगदी जवळ जे बोलाल ते आत,” तो म्हणाला. “सुकलं की संपलं. पाणी ओतलं, तर मात्र सगळंच पुसलं.”

मला तेव्हाच रिक्षा मिळायला हवी होती. पण नाही मिळाली. आणि कल्याणच्या एका हॉलमध्ये मी एकटीने उभं केलेलं पहिलंच प्रदर्शन एप्रिलमध्ये होतं. मी तिथल्या तिथे त्याला मोठं चित्र सांगितलं. फुटलेला बांध रात्रभर अंगावर धरून उभी राहिलेली त्याची आजी, आवडाबाई. दर्शनी भिंत तिच्यासाठी राखून ठेवली.

त्यानंतर दर शनिवारी मी डोंबिवलीहून उन्हातान्हाची त्याच्या अंगणात.

“झालं?”

“धरतंय.”

“मागच्या शनिवारीही धरतच होतं!”

“तू येतेस ना, मग ते घाबरतं.”

“देवेश!”

“बस ना जरा. पाणी देऊ?”

पाणी माठातलं, वाळा घातलेलं. मी पाणी प्यायची आणि राग विसरायची… याचाच तर मला राग यायचा. मग तो काडी कानावर खोचून हसायचा. त्या हसण्यासाठी मी दोन गाड्या बदलून येते की काय, असं परतताना वाटायचं. छे! काम होतं म्हणून यायची मी.

उद्घाटन अकराला. चित्र आलं पावणेअकराला, टेम्पोतून. वर एक कोपरा अजून ओला.

“देवेश, मी तुझा जीव घेईन.”

“घे. पण आधी भिंतीला लावू दे.”

आमच्या संस्थेच्या विनिता मॅडम पहिल्या उभ्या राहिल्या. डोळे पुसले. मी सुटकेचा श्वास सोडते, तोच त्या खुदकन हसल्या आणि माझ्याकडे वळल्या.

“रुचिता, चिडलीस की तुझं नाक खरंच लाल होतं का गं?”

“काय?”

पुढचे काका म्हणाले, “अच्छा, ती तूच का!” त्यांच्या मागच्या दोन मुली एकमेकींना कोपरं मारत गेल्या. जो तो चित्र ऐकायचा आणि माझं नाक बघायचा.

खुर्चीवर खुद्द आवडाबाई बसल्या होत्या, कपाळाला हात लावून. “मी बोलली व्हती त्याला,” त्या म्हणाल्या. “मीठ धरताना दुसरा काय बोलू नको. मीठ सगला ऐकतं गो पोरी.”

मी लोकांना बाजूला सारून चित्रासमोर उभी राहिले.

आवडाबाई पाण्यात उतरली. बांध धरला. पहाटे भरती ओसरली, गावाचं मीठ वाचलं… मग त्याचाच आवाज, पण हळू. ‘आज शनिवार. येईलच आता. आधी ओरडेल, नाक लाल करेल, मग पाणी मागेल. चित्र झालेलं केव्हाच, कोपरा मीच खाऱ्या पाण्याने ओला ठेवतोय… झालं बोललो तर यायची बंद होईल. सांगून टाकू का तिला? नाही बोलली तर?… आलीस? बस ना जरा.’

संपलं. एवढंच.

मी वळले. देवेश पाण्याची बाटली घेऊन उभा होता. चेहरा पार उतरलेला.

“सॉरी. मला माहीत नव्हतं गं, एवढं आत गेलंय. तुझं पहिलं प्रदर्शन… पुसून टाकतो.”

“म्हणजे माझी दर्शनी भिंत रिकामी?”

“मग काय करू? सगळे तुला हसतायत.”

“चित्र झालं होतं? आणि मी महिनाभर उन्हात येत होते?”

“…हो.”

मला इतका राग आला, इतका राग आला, की रडूच फुटलं. राग त्याचा, आणि त्याहून जास्त माझा. एक महिना मीही काम आहे, काम आहे म्हणत स्वतःला फसवत होते की! तो बाटलीचं झाकण फिरवू लागला. मी ती हिसकावली आणि चित्राच्या ओल्या कोपऱ्याशी तोंड नेलं.

प्रदर्शन आठ दिवस चाललं. त्या चित्रासमोर रांग हटली नाही. देवेशचं ‘बस ना जरा’ संपलं, की आता माझा आवाज येतो, चांगला खणखणीत, मध्येच नाक ओढलेला: ‘अरे गाढवा, चित्र झाल्यावरही आले असते मी! हो. माझं हो आहे. आणि पाणी दे आधी.’

मंगळवारी आई डोंबिवलीहून आली. मी खांबाआड लपले. तिने पूर्ण ऐकलं, पुन्हा रांगेत जाऊन दुसऱ्यांदा ऐकलं, आणि मला बरोबर शोधून काढलं.

“दिलं का मग त्याने पाणी?”

“दिलं,” मी म्हणाले.

“मग रविवारी घरी बोलाव त्याला. चहाला.”