नायकाचे कान

नटी कासिल्दाचं पत्र आलं तेव्हा सेवेरिनोच्या डोक्यावर दाट केस होते. आता टक्कल पडलं, तरी त्या पत्राला उत्तर द्यायचं राहिलंच होतं.

माद्रिदच्या चित्रपटगृहांवर टांगायचे भलेमोठे कापडी फलक तो रंगवायचा. कासिल्दाचा चेहरा आला की त्याचा ब्रश हळुवार व्हायचा... आणि तिला मिठीत घेणारा नायक आला की हात आपोआप वाकडा पडायचा. कुणाची हनुवटी गायब, कुणाचं नाक फेंदारलेलं. देखण्या रामिरोवर तर त्याचा खास राग. त्याचे कान फलकागणिक वाढत सुपाएवढे झाले.

"माझ्या नायकाचे कान असे का?" तिनं पत्रात विचारलं होतं. "गुरुवारी कॉफीला या. येताना कारण घेऊन या."

पण त्याच आठवड्यात रामिरोच्या खांद्यावर डोकं टेकलेला तिचा फोटो वर्तमानपत्रात आला. सेवेरिनोनं पत्र एका पुस्तकात दडवलं, आणि पुढच्या फलकावर रामिरोला तिरळं करून टाकलं.

आज, सोमवारी सकाळी, चुरोच्या, म्हणजे तळलेल्या लांबट गोड कांड्यांच्या, दुकानात रांगेतल्या पुढच्या बाईनं मान वळवली. पांढरे केस, गालावर तोच तीळ. तो तीळ त्यानं कितीदा तरी थाळीएवढा रंगवला होता.

"अहो, कानवाले!"

"तुम्ही... मला ओळखता?"

"मी खालून गेले आणि तुम्ही शिडीवरून पडता पडता वाचलात. असा माणूस विसरतात होय? माझ्या पत्राचं उत्तर कुठंय?"

"टपाल जरा—उशिरा पोचतं."

ती खळखळून हसली. टेबलाशी बसल्यावर चुरो गरम चॉकलेटमध्ये बुडवत म्हणाली, "हल्ली मला आज्यांचीच कामं मिळतात. नव्या चित्रपटात मात्र नवरा आहे. ओळखा कोण?"

"रामिरो." त्याचं चॉकलेट एकदम कडू झालं.

"तोच. बायको गेल्यापासून एकटा आहे. म्हणतो, पडद्यावर पुष्कळ झालं, आता खरंच एकत्र राहू. रविवारी त्याला काय ते सांगायचंय."

"चांगला माणूस आहे."

"आहेच. आणि कान?"

"कान—बरे आहेत."

"खोटं बोलताना तुमचेच लाल होतात बघा!" तिनं शाल सावरली. दारात क्षणभर थांबली. "तोंडानं काही तुम्हाला जमायचं नाही, हे मी तेव्हाच ओळखलं होतं. पत्ता तोच आहे माझा."

घरी येऊन तो कागदावर कागद फाडत बसला. या वयात हसं होईल... तिनं गंमत केली असेल... मग त्याला दिसलं—कासिल्दाच्या स्वयंपाकघरात सपाता घालून रामिरो संत्रं सोलतोय, आणि पहिली फोड तिला देतोय. लेखणी सरळ चालू लागली.

"कासिल्दाबाई, रामिरोचे कान सुरेख आहेत. ते मी जळफळून वाढवले. तुमच्याजवळ तो मला पाहवत नव्हता. आजही पाहवत नाही. रविवारच्या आधी गुरुवार येतो. कॉफीला येतो आहे, कारण घेऊन."

कोपऱ्यावरच्या पिवळ्या टपालपेटीपाशी त्याचे पाय अडखळले. समोर बसथांब्यावर रामिरो एका जाहिरातीत हसत होता—श्रवणयंत्राच्या! एवढाल्या फोटोत कान अगदी देखणे दिसत होते.

सेवेरिनोनं त्या कानांकडे एकदा जळजळीत नजर टाकली, आणि पाकीट पेटीत सोडलं.