पाठीखालची पानं

मी कॉलेजात संख्याशास्त्र शिकवते. लाखात एक म्हणजे शून्य नव्हे, हे दर वर्षी नव्या पोरांच्या डोक्यात घालताना घसा सुकतो माझा. संजीवला ती गोळी लिहून देताना डॉक्टरांनीही तेच सांगितलं होतं, लाखात एखाद्यालाच सोसत नाही. पायाचा अंगठा सुजलेला, रक्तात युरिक ॲसिड वाढलेलं. गोळी बरोबर, प्रमाण बरोबर. माझा नवरा हसला. म्हणाला, माझं नाव आजवर कुठल्या सोडतीत निघालंय?

आधी डोळे लाल झाले, ताप आला. मग तोंड आलं. मग अंगावरची कातडी भाजल्यासारखी निघायला लागली. तारिहाळला ओतकामाच्या कारखान्यात भट्टीपाशी उभा जन्म काढला या माणसानं, कधी साधा चटका बसला नाही. त्याला एवढ्याशा पांढऱ्या गोळीनं भाजून काढलं. चूक कुणाचीच नव्हती. असती तर बरं झालं असतं. मी काही चिडायला कमी करत नाही.

हुबळीच्या दवाखान्यात त्याला केळीच्या पानांवर निजवत. कापड अंगाला चिकटतं, पान चिकटत नाही. आत एकालाच सोडायचे, ती मी. मळमड्डीतल्या आमच्या घरच्या परसातून रोज पानं कापून न्यायची, धुऊन, पुसून त्याच्या पाठीखाली सरकवायची. काढलेलं पान मधोमध काळं पडलेलं असे, कडा हिरव्यागार. माझा हात जरा पुढे गेला की सिस्टर म्हणायची, “मुट्टब्याडरी.” हात लावू नका. शेवटपर्यंत मी त्याच्या कपाळावरून साधा हात फिरवला नाही हो.

तो गेल्यावर जो येई तो एकच सांगे, त्रासातून मोकळा झाला. त्याची थोरली बहीण श्रीलक्ष्मीअक्का तर जपच करायची त्याचा. कोप्पीकर रोडवरचं साड्यांचं दुकान मुलावर टाकून ती माझ्या सोबतीला येऊन राहिली होती. एरवी असली वाक्यं मला खपत नाहीत. पण हे मी घट्ट धरून ठेवलं. आता त्याला दुखत नाही, एवढ्याच आधारावर मी सकाळी उठत होते.

शेवटच्या दिवशी कापलेली पानं घरीच राहिली होती. ती मी धुतली, पुसली आणि पलंगावर तो निजायचा त्या बाजूला अंथरली. डोकं ठिकाणावर होतं माझं, हाताला वळण पडलं होतं इतकंच. दुपारी कॉलेजातून येऊन बघते तर पानं मधोमध काळी. खांदे, पाठ, कंबर. कडा हिरव्या.

ऊन आलं असेल म्हटलं. खिडकी लावून घेतली, नवी पानं घातली. तीही तशीच झाली. मग जेवणाच्या टेबलावर अंथरून पाहिली, जमिनीवर पाहिली. तिथं ती नुसती सुकली, सगळीकडून सारखी. पलंगावरच्या पानांवर तळहात धरला की तापकरी माणसाची धग लागायची. हात आणखी खाली नेण्याची माझी छाती झाली नाही.

अक्कानं एके दिवशी ते पाहिलं आणि माझ्यावर भडकली. “कमल, साकु आता, पुरे झालं,” म्हणाली, “तो मोकळा झाला, तूही हो.” पानं गोळा करून परसात फेकली आणि पलंगावर धुतलेली सुती चादर घातली. मी अडवलं नाही. ती खरी ठरावी म्हणून मी मनातून देव पाण्यात घातले होते.

दुसऱ्या दिवशी ती चादर धुवायला काढायला गेली. कोपरा धरून ओढली. कडा आल्या. मधली येईना.

“कुठं अडकली गं ही?”

मी दारात उभी होते. म्हणाले, “अक्का, ओढू नका.”

तिनं हिसका दिला.

चादर निघाली. ओलं काहीतरी फाटल्यासारखा आवाज झाला. मी तरी एवढंच ऐकलं.

अक्का तिथंच उभी राहिली. कुणी फार हळू बोलत असलं की आपण मान वाकवतो, तशी तिनं मान वाकवली होती. मग चादर हातातून गळाली आणि तिनं पदर तोंडात कोंबला.

त्या दिवशी ती जेवली नाही.

सकाळी परसात गेले तर ती विळीवर बसलेली. मांडीवर केळीची ताजी पानं. पान फाटू न देता ती मधला जाड दांडा सोलून काढत होती. वॉर्डात मीही तसंच करायची. अक्का त्या वॉर्डात कधी आलीच नव्हती, आणि हे मी कुणाला सांगितलेलं नाही.

“टोचतो म्हणाला,” ती माझ्याकडे न बघता बोलली.

दोघींनी मिळून पानं अंथरली. अजूनही कुणी भेटायला येतं, बिचारा मोकळा झाला म्हणतं. अक्का मान डोलावते आणि पानं बदलायला आत जाते.