फिलिसबाईंच्या भिंतीवरची मावशी

दिवा तसाच मंद राहू दे. ग्लास भरा आणि गप्प बसा. ही गोष्ट डेस्मंड पास्कची. मी ब्रायटनच्या थिएटरात प्रोजेक्टर चालवायचो, तेव्हापासूनची आमची ओळख.

गुरुवार, नऊ नोव्हेंबर २०१७. रात्री आठला डेस्मंड शेजारच्या होव्हला फिलिस गॅडबाईंच्या घरी गेला. काम साधंच होतं. विसरलेल्या नट्यांवर तो इंटरनेटवर व्हिडिओ टाकायचा, आणि बाईंकडे त्यांच्या मावशीच्या एका मूकपटाचं छोटं रीळ होतं.

मावशी म्हणजे एनिड लॅव्हरॉक. १९११ला, पंधराव्या वर्षी सिनेमात आली. धक्क्यावरून समुद्रात उड्या मार, उधळलेल्या गाडीतून पड, असली कामं. मग १९१६ला एक रडण्याचा प्रसंग केला आणि देशभर गाजली. पुढं सगळ्यांना तिचं रडणंच हवं झालं. तिला मात्र परत रडू येईना. कांदे झाले, थपडा झाल्या. पंचविशीत ती, जिथं शूटिंग व्हायचं त्याच गावात, सिनेमाची तिकिटं विकत होती. कुणी ओळखलंही नाही.

"मावशी आलेलं पत्र कधी फोडायची नाही रे," फिलिसबाई म्हणाल्या. वय शहाऐंशी. "मी फोडून वाचून दाखवायचे. बिस्कीट घे ना."

"घेतो. आधी भिंतीकडे बघा."

"आणि तो फोन कशाला माझ्या तोंडासमोर?"

"आठवण हो. तुम्ही आता रोज रोज थोड्याच भेटणार आहात!"

"मेल्या!" म्हातारी खळखळून हसली.

डेस्मंडनं दिवा मालवला, सोबत आणलेला प्रोजेक्टर सुरू केला. भिंतीवर एनिड. हातात खाकी पाकीट. फोडलं, वाचलं, आणि रडत कोसळली.

डेस्मंड हळूच म्हणाला, "ते पत्र खरं आहे, ठाऊक आहे?"

"म्हणजे?"

"कॅमेरावाल्याच्या डायरीत वाचलं मी. तिचा भाऊ लढाईत गेला, तो गेल्याचंच पत्र. आईनं स्टुडिओत पाठवलेलं. दिग्दर्शकानं दोन दिवस खिशात ठेवलं. ढग होते ना, शूटिंगला ऊन लागायचं! ऊन पडल्यावर खोट्या पत्राच्या जागी हे दिलं."

"वॉल्टरमामाचं...?"

"बघा, कसं अस्सल रडतेय."

"मला का सांगितलंस हे?"

"बोलू नका. येतंय ना रडू? येऊ द्या."

म्हातारी रडली. तोंड झाकू लागली तर यानं तिचा हात खाली धरला. फोन थरथरला. बायकोचा, मोइराचा होता. यानं कापला. परत थरथरला. परत कापला. शॉट बिघडला असता ना.

तिसऱ्यांदा कापला.

आणि भिंतीवरची एनिड रडायची थांबली.

डोळे पुसले. मान वर केली. बाईंकडे नाही... डेस्मंडकडे बघितलं.

रीळ संपलं होतं. टोक फटफट आपटत होतं.

ती भिंतीवर होतीच.

ओठ हलले. सावकाश. परत तेच.

"काय... काय म्हणतेय ती?"

फिलिसबाईंनी डोळे पुसले. "तुलाच विचारतेय रे. 'कधी आलं?'"

त्यानं झडप घालून दिवा लावला. भिंत कोरी. फोन थरथरला. या वेळी उचलला.

"किती वेळ फोन लावतेय मी!" मोइरा किंचाळत होती. "गॅरेथला ट्रकनं उडवलं. तुझा भाऊ तुझा आवाज ऐकायचा म्हणत होता. मी फोन त्याच्या कानाशी धरून बसले होते, डेस्मंड. तीनदा. नऊ वाजून दहा मिनिटांनी गेला तो."

घड्याळात नऊ वाजून बारा मिनिटं झाली होती.

त्यानंतर डेस्मंडनं एकही व्हिडिओ टाकला नाही. महिन्यानं माझ्याकडे आला, फोन पुढं केला. म्हणाला, "तूच बघ."

त्या रात्रीचाच व्हिडिओ. सुरुवात नऊ वाजून दोन मिनिटांनी. फिलिसबाई त्यात नाहीतच. आहे तो डेस्मंड. काळापांढरा, समोरून, भिंतीच्या बाजूनं टिपलेला. एका हातात फोन, दुसऱ्या हातानं कुणाचा तरी हात खाली दाबलेला.

आणि तो ढसाढसा रडतोय... पहिल्या मिनिटापासून.