दोन आखूड, एक लांब

दुपारचा डबा खाऊन हॉस्पिटलची यंत्रं दुरुस्त करणारा मशीनवाला तळघरातल्या वर्कशॉपमध्ये शिरला. आयसीयूतला जुना व्हेंटिलेटर टेबलाशी उभा होता. आवाज करतो, अशी सिस्टरची तक्रार आली म्हणून सकाळी त्यानेच तो ताईच्या खाटेजवळून काढून दुसरा लावला होता. ताई म्हणजे त्याची थोरली बहीण, आईमागे त्याला वाढवणारी. अकरा दिवस तिच्या घशात नळी होती. "स्वतःहून पुरेसा श्वास घ्यायला लागल्या की नळी काढू," असं डॉक्टर रोज म्हणत, आणि हा रोज जीव मुठीत धरून बसे.

त्याने यंत्राच्या नळीला तपासणीची रबरी पिशवी लावली. यंत्र फुंकेल तेवढीच ती फुगायची. पडद्यावर यंत्राने दिलेला श्वास पिवळा दिसे, माणसाने स्वतः ओढलेला हिरवा.

पिवळा. पिवळा. पिवळा.

हिरवा.

भुतंखेतं त्याच्या लेखी नव्हतीच. जगातलं सगळं वॉशरमुळे बिघडतं, यावर त्याची श्रद्धा. गळती असणार म्हणून त्याने सगळे जोड आवळले. पुन्हा हिरवा. दोन आखूड, मग एक लांब. त्याच्या अंगावर सरसरून काटा आला. लहानपणी ताईच्या कुशीत हेच श्वास मोजत तो झोपी जायचा.

"ताई...?"

पिशवी टम्म फुगली. ग्रीसच्या वासात तिच्या केसांच्या तेलाचा वास मिसळला.

तेवढ्यात फोन वाजला. वरून सिस्टर बोलत होती.

"दादा, सकाळपासून ताईंचा स्वतःचा एकही श्वास नाही हो... डॉक्टर म्हणतायत, घरच्यांना बोलवून घ्या."

"थांबा! जुनं मशीन घेऊन येतोय. काही करू नका."

पिशवी उपटून त्याने टेबलावर टाकली आणि यंत्र ढकलत लिफ्ट गाठली. वर जाऊन त्याने ते ताईच्या नळीला जोडलं. थोड्याच वेळात पडद्यावर हिरवी रेघ उठली. मग दुसरी, तिसरी. डॉक्टरांनी त्याची पाठ थोपटली. तो ढसाढसा रडला. त्या भरात श्वास मोजायचं काही सुचलं नाही.

तीन दिवस तो खाटेपासून हलला नाही. चौथ्या दिवशी नळी निघाली. जन्मभर त्याला 'भोपळ्या' म्हणणाऱ्या ताईने शांतपणे त्याच्याकडे पाहिलं.

"उभे का? बसा ना तुम्ही."

"होतं असं," सिस्टर हळूच म्हणाली. "हळूहळू ओळख पटेल."

ताईचा श्वास एकसारखा चालला होता. आखूड नाही, लांब नाही. तो बराच वेळ ऐकत राहिला. मग जिना उतरला आणि वर्कशॉपचं कुलूप काढलं.

पिशवी टेबलावर तशीच पडली होती, कशालाच न जोडलेली.

दोन आखूड... मग, बऱ्याच वेळाने, एक लांब.